दोघींची एकच तारीख

न्यायाधीश जेवायला उठले तेव्हा दादा नेहमीप्रमाणे मधल्या बाकावर बसला होता. डावीकडे त्याची बायको आणि तिच्यासारखे, ज्यांना नोकरी मिळालीच नाही ते. उजवीकडे त्याची धाकटी बहीण भिंगरी आणि तिच्यासारखे, ज्यांची मिळालेली नोकरी गेली ते. चष्म्याच्या दुकानात तो गिऱ्हाइकाच्या दोन डोळ्यांचे दोन वेगळे नंबर रोज एकाच फ्रेममध्ये बसवून द्यायचा. घरातल्या या दोघींना मात्र त्याला एका टेबलावर जेवायलाही बसवता आलं नव्हतं.

जाता जाता न्यायाधीश जे बोलले, त्याने सगळा हॉल उठून उभा राहिला होता.

"मला दोन गोष्टी कळल्या पाहिजेत," त्यांनी नाक पुसत म्हटलं होतं. त्यांना सडकून सर्दी झाली होती. "सरकारी वकील म्हणतात, सरकारी शाळांमध्ये एकही जागा रिकामी नाही. ते खरं असेल तर माझे हात बांधलेले आहेत. नियमानं एक बाजू जाईल, एक राहील. पण जागा असतील, तर कोणालाच न काढता मार्ग निघतो. मग प्रश्न उरतो तो ज्येष्ठतेचा. यादीत वर कोण, खाली कोण? तो तुम्ही आपापसात मिटवलात तर मी ऐकेन. आता जेवा. आल्यावर सांगा."

"म्हणजे काय झालं?" दादाने शेजारच्या माणसाला विचारलं.

"म्हणजे जेवणाची सुट्टी गेली," तो माणूस म्हणाला.

खरी गोष्ट अशी होती की, शिक्षक भरतीच्या परीक्षेत एक प्रश्न होता. घड्याळात सव्वातीन वाजले असताना दोन काट्यांमध्ये किती अंशांचा कोन होतो? परीक्षा घेणाऱ्यांच्या मते उत्तर होतं शून्य. पण मिनिटकाटा तीनवर येईपर्यंत तासकाटा काही तिथे त्याची वाट बघत थांबत नाही, तो थोडा पुढे सरकतो. दादाच्या बायकोने, म्हणजे भिंगरीच्या वहिनीने, साडेसात अंश लिहिलं आणि ती एका गुणाने राहिली. भिंगरीने घाईघाईत शून्यावर खूण केली आणि ती एका गुणाने लागली. आणि भिंगरीला सबंध उन्हाळाभर स्वयंपाकघरातल्या टेबलावर गणित शिकवलं होतं ते वहिनीनेच.

वहिनी आणि तिच्यासारखे कोर्टात गेले. कोर्टाने उत्तर दुरुस्त करायला लावलं, नवी यादी लागली. नव्या यादीत भिंगरी खाली घसरली आणि भर वर्गातून तिला बाहेर बोलावून बडतर्फीचा कागद हातात ठेवण्यात आला. पण तिच्या जागी वहिनीला बोलावणं आलं का? नाही. शिक्षण खात्याने सांगितलं, मधल्या काळात जागाच रद्द झाल्या. एकीला काढलं आणि दुसरीला घेतलं नाही. आता एका घरातून दोन अपिलं, आणि दोघींची एकच तारीख.

*

कॉरिडॉरच्या टोकाला खिडकीखाली मोठ्या बाईंनी बाक पकडून ठेवला होता. त्या या दोघींच्या सासू आणि आई. पण मुख्याध्यापिका म्हणून निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली तरी अख्खं गाव, आणि हळूहळू घरसुद्धा, त्यांना 'मोठ्या बाई' असंच म्हणायचं. त्यांनी डबा उघडला. उकडलेली अंडी, पाव, चिरलेली फळं. चौघांचा एकच डबा. वेगवेगळे डबे भरायला त्यांनी सकाळी साफ नकार दिला होता.

"बसा," त्या म्हणाल्या.

दादा बसला. वहिनी बाकाच्या एका टोकाला टेकली. भिंगरी उभीच राहिली. तिला लहानपणापासून एका जागी बसणं माहीत नव्हतं, नावच त्यावरून पडलेलं.

"वन्सं, अंडं घ्या," वहिनी म्हणाली.

केस उभी राहिल्यापासून वहिनी नणंदेला 'वन्सं' आणि 'अहो' म्हणायला लागली होती. त्याआधी 'ए भिंगरे' म्हणायची. एवढा मान भिंगरीला शिवीपेक्षा जास्त झोंबायचा.

"मला भूक नाही, वहिनी."

दादाने घसा खाकरला. "हे बघा, न्यायाधीशांनी आयती वाट दाखवलीय. आता कोणी ताणू नका. वरखाली काय, शेवटी दोघीही..." त्याने बायकोकडे पाहिलं. "तूच थोडं समजून घे ना. नोकरी मिळतेय. नवी म्हणून लागलीस, यादीत खाली राहिलीस, तर काय बिघडतंय? तिची तीन वर्षं शिकवून झालीत."

वहिनीने हातातला पाव डब्यात परत ठेवला.

*

वहिनीला आपला आवाज चढलेला स्वतःलाच ऐकू आला, आणि मग तो खाली आणायची तिला इच्छाच झाली नाही.

"मीच समजून घ्यायचं. नेहमी मीच. कारण मी शांत आहे, हो ना? अहो, मी नवी नाही! मी त्याच परीक्षेला बसले, त्याच दिवशी, त्याच हॉलमध्ये. माझ्या पेपरात चूक नव्हती. चूक त्यांची होती, आणि चार वर्षं खाजगी क्लासमध्ये लोकांची पोरं मी सांभाळली. आणि आता तुम्ही म्हणता, खालून ये?"

"हळू, लोक बघतायत."

"बघू देत! सगळे शिक्षकच आहेत, त्यांनाही कळू दे. या घरात एकदा तरी, एकदा तरी कोणी म्हणालं का मला, की बाई गं, तुझं उत्तर बरोबर होतं? नाही. मला काय ऐकू आलं? घरची धुणी चव्हाट्यावर आणली. नणंदेच्या ताटात माती कालवली. अहो, मी नणंदेवर केस केली नव्हती, एका प्रश्नावर केली होती!"

 वहिनीचे वकील, काळा झगा सावरत, लगबगीने आले. वयस्कर गृहस्थ होते, बोलताना टाचा उचलायचे. "ताई, तडजोड अजिबात नको. कायदा आपल्या बाजूचा आहे. आपण जिंकतोय!"

"जिंकून घेऊ काय, वकीलसाहेब?" वहिनी त्यांच्यावरही उखडली. "जागाच नाही म्हणतायत ना ते! तुमची जीत मी भिंतीला टांगू?"

वकीलसाहेबांच्या टाचा खाली आल्या.

तेव्हा मोठ्या बाईंनी डब्याचं झाकण लावलं. त्या सुनेकडे वळल्या. वहिनीला वाटलं, आता ऐकून घ्यावं लागणार. पोरीची आई ती शेवटी.

"तुझं उत्तर बरोबर होतं," मोठ्या बाई म्हणाल्या. "निकाल लागला त्याच दिवशी मला कळलं होतं. आयुष्यभर मी पेपर तपासले, मला ते एवढंही कळणार नाही? पण लेकीला नोकरी लागली होती. तोंड उघडलं असतं तर तिच्या आनंदावर विरजण पडलं असतं, म्हणून मी गप्प बसले. आणि मग गप्प बसायची सवयच लागली." त्यांनी सगळ्यांकडे पाहिलं, भर सभेत पाहावं तसं. "ही खाली जाणार नाही. कोणी तिला तसं सांगायचंही नाही. जायचं असेल तर आपण जायचं."

"आपण?" भिंगरी म्हणाली. "आई, आपण म्हणजे मी!"

"हो. तू."

 वहिनीने उगाचच एक अंडं उचललं आणि सोललेलंच होतं तरी सोलायला लागली.

*

भिंगरी तिथून जी निघाली ती थेट आपल्या गटात जाऊन आदळली. कानशिलं तापली होती. सख्खी आई! प्रश्नपत्रिका काय तिने काढली होती? उत्तर चुकलं हे खरं, पण चुकीचं उत्तर बरोबर ठरवायला ती कोणाच्या दारात गेली नव्हती. तीन वर्षं तिने जीव तोडून शिकवलं. आणि वर्गातून बाहेर बोलावलं त्या दिवशी मुलं खिडकीला नाकं लावून बघत होती, ते कोणाच्या हिशेबात नाही?

तिच्या बाजूचे लोक जिन्यापाशी कोंडाळं करून उभे होते. मध्ये भूमिती शिकवणारे सर. बडतर्फ झालेल्यांचे तेच पुढारी. बाजूला भिंगरीची वकील, नुकतीच सनद मिळालेली चुणचुणीत मुलगी, भिंतीला कागद टेकवून लिहायच्या तयारीत.

"आपण तसूभर हलायचं नाही," सर सांगत होते. "त्यांना यायचं तर येऊ देत, पण आपल्या खाली. अनुभव आपला आहे."

"बरोबर!" भिंगरी म्हणाली. तिला हेच ऐकायचं होतं.

"आणि त्या एका प्रश्नाचा इतका बाऊ कशाला?" सर रंगात आले. "साडेसात अंश! डोळ्याला दिसतो तरी का? ढोबळमानाने दोन्ही काटे एकावर एकच असतात. ढोबळमानाने उत्तर शून्यच की!"

भिंगरी पुन्हा 'बरोबर' म्हणणार होती. शब्द ओठांपर्यंत आला आणि अडकला. वहिनीने भिंतीवरचं घड्याळ काढून टेबलावर ठेवलेलं तिला दिसलं. मागचा खटका फिरवत वहिनी म्हणत होती, 'बघ भिंगरे, मोठा चालला की धाकट्यालाही चालावंच लागतं. नीट बघ.' तिने तेव्हाही नीट पाहिलं नव्हतं.

"सर," ती म्हणाली, "तुमच्या वर्गातल्या मुलाने ढोबळमानाने काटकोन काढला, तर तुम्ही गुण देता?"

"म्हणजे?"

"त्र्याऐंशी अंशांचा काढला आणि म्हणाला, सर, ढोबळमानाने काटकोनच आहे. द्याल?"

"त्याचा इथे काय संबंध?"

"द्याल का, ते सांगा ना."

 मागून कोणीतरी फसकन हसलं.

"नाही देणार," भिंगरी म्हणाली. "मीही नाही देणार." जवळचा बाक तिने पुढे ओढला आणि ती त्यावर चढली. "ऐका सगळे! माझं उत्तर चूक होतं. तुमच्यातल्या बहुतेकांचं चूक होतं. त्यात लाज वाटण्यासारखं काही नाही, आपण कोणाचं काही चोरलं नाही. पण चूक ते चूक. उद्या वर्गात उभं राहून मी पोरांना काय सांगू? की उत्तर चुकलं तरी चालतं, फक्त अगोदर जाऊन जागा धरा?"

"बाई, अहो, बढती जाईल! बदलीच्या वेळी आपला नंबर शेवटी लागेल!" एक जण ओरडला.

"लागू दे. आज आपला नंबर कुठेच नाही! घरी बसलोय आपण. खाली का होईना, आत तरी असू."

ती खाली उतरली. आणि समोर वहिनी उभी होती. कधी येऊन उभी राहिली होती कोणास ठाऊक. हातात सोललेलं अंडं तसंच.

"मी तुझ्यासाठी नाही बोलले," भिंगरी घाईने म्हणाली.

"माहितीये." वहिनी तरुण वकिलीणबाईंकडे वळली. "लिहून घ्या. आम्ही यादीत वर, हे खाली. पण त्याखाली आणखी एक ओळ. यांची बडतर्फी झालीच नाही असं समजायचं. नोकरीत खंड नाही, सेवापुस्तकात शेरा नाही, काही नाही. चूक खात्याची, डाग यांना का? ही ओळ नसेल तर मी सही करणार नाही."

"ताई!" तिचे वकीलसाहेब कळवळले. "तुम्ही समोरच्या बाजूचं मागताय!"

"मग तुम्हीही मागा की, साहेब. चार माणसांनी मागितलं की जोर येतो."

 भिंगरीने वहिनीच्या हातातलं अंडं घेतलं आणि अख्खं तोंडात टाकलं.

*

"मिटलं तुमचं? आता जागा शोधा!" मोठ्या बाईंचा आवाज कॉरिडॉरभर घुमला. निवृत्त झाल्यापासून तो कोणी ऐकला नव्हता. शिपाईसुद्धा चपापून सरळ झाला. "त्यांनी अट काय घातलीय? शाळांत जागा आहेत हे सांगा. कोण सांगणार? खातं? तुम्हीच ना! दोन्हीकडचे इकडे या. गर्दी नको. रांगेत!"

आणि इतके दिवस एकमेकांची तोंडं न बघणारे ते सगळे पदवीधर, कोणाला टक्कल पडलेलं, कोणाची लेकरं शाळेत जाणारी, निमूटपणे रांगेत उभे राहिले.

"तू कुठल्या शाळेत होतास? तुझे वर्ग आता कोण घेतं?"

"कोणीच नाही, बाई. चित्रकलेचे सर विज्ञान शिकवतात."

"पुढे."

"माझ्या शाळेत दोन तुकड्या एकत्र बसतात."

"नक्की? फोन लावून विचार. ऐकीव नको मला."

कॉरिडॉरमध्ये फोनांचा नुसता कल्लोळ उठला. कोणी मुख्याध्यापकांना लावत होतं, कोणी जुन्या सहकाऱ्याला. "सर, एक सांगा, गणिताला सध्या कोण?" "काय म्हणता, शिपाई बसतो वर्गावर?" डावीकडचे उजवीकडच्यांना आपल्या मोहल्ल्यातल्या शाळांची खबर देत होते, कारण त्यांची स्वतःची मुलंच तिथे शिक्षकांविना बसत होती. दादालाही राहवलं नाही. त्याने चष्मा न्यायला येणाऱ्या प्रत्येक मास्तराला फोन लावला. तरुण वकिलीण झरझर लिहीत होती, आणि वकीलसाहेब, आता टाचा पुन्हा उचलून, तिला कायद्याची भाषा सांगत होते.

भिंगरीने आपल्याच शाळेला फोन लावला होता. तिने फोन खाली घेतला तेव्हा डोळे भरले होते.

"काय गं?" मोठ्या बाईंनी विचारलं.

"माझे दोन्ही वर्ग सभागृहात बसवलेत. बाकं पुरत नाहीत. मुलं आळीपाळीने उभी राहतात म्हणे."

"मग रडतेस काय? लिही!"

*

दुपारी न्यायाधीश येऊन बसले, तेव्हा दादाला कुठे बसावं कळेना. डावं-उजवं उरलंच नव्हतं. जागा मिळेल तिथे सगळे कोंबून बसले होते. बायको आणि बहीण एका बाकावर, मध्ये आई. तो भिंतीला टेकून उभा राहिला.

वकीलसाहेब आणि तरुण वकिलीण दोघं एकदम उठले. न्यायाधीशांनी चष्मा वर केला. "तुम्ही एकमेकांच्या विरुद्ध ना?"

"जेवणाआधी होतो, साहेब," ती म्हणाली.

त्यांनी कागद वाचला. मग सरकारी वकिलांकडे सरकवला. "हे बघा. शाळेचं नाव, वर्ग, विषय. यातली कुठली गोष्ट खोटी आहे, ते खात्याच्या अधिकाऱ्यांनी शपथेवर सांगावं. आत्ता."

सरकारी वकील मागे वळले. शिक्षण अधिकारी पहिल्याच ओळीत बसले होते. दोघांची कुजबुज झाली. अधिकाऱ्यांनी रुमालाने मान पुसली.

"साहेब, थोडी मुदत मिळाली तर..."

"चार वर्षं झाली." न्यायाधीशांनी शिंक आवरली. "सभागृहात उभी असलेली मुलं आणखी किती मुदत देतील? या शाळांत शिक्षक आहेत, की नाहीत?"

अधिकारी उठले. "नाहीत, साहेब."

"म्हणजे जागा आहेत."

अधिकाऱ्यांनी आधी वकिलांकडे, मग छताकडे पाहिलं. "आहेत, साहेब."

पुढचं दादाला तुटक तुटक ऐकू आलं, कारण हॉलभर कुजबुज सुरू झाली होती. बडतर्फीचे आदेश रद्द... सेवा अखंड समजण्यात यावी... अर्जदारांना तातडीने नेमणुका... यादीत त्यांचं स्थान वरचं... कोणालाही काढण्यात येऊ नये...

हॉलमध्ये आरडाओरडा झाला. कोणी बाकावर हात आपटला, कोणी शेजारच्याला मिठी मारली आणि मग पाहिलं की तो पलीकडच्या गटातला आहे, आणि मिठी सोडली नाही. शिपाई "शांतता! शांतता!" ओरडत राहिला. न्यायाधीशांनी रुमालात तोंड लपवलं होतं. शिंकत होते की हसत होते, सांगता येत नव्हतं.

दादाने गर्दीतून बायकोकडे पाहिलं. ती रडत नव्हती, हसतही नव्हती. गुडघ्यांवर हात ठेवून परीक्षेला बसल्यासारखी बसली होती.

*

आदेशाची प्रत मिळेपर्यंत सगळे कोर्टाच्या बाहेरच्या रुंद पायऱ्यांवर थांबले. संध्याकाळचं ऊन पडलं होतं आणि कोणालाही घरी जायची इच्छा नव्हती. वहिनी मात्र कठड्यापाशी एकटीच उभी होती. भिंगरी तिच्यापाशी गेली.

"काय झालं? जिंकलीस की! आता मी तुझ्या खाली. 'वन्सं' म्हणायची पण गरज नाही, नुसतं बोट दाखवलंस तरी उभी राहीन."

"भिंगरे," वहिनी म्हणाली. इतक्या दिवसांनी ती हाक ऐकून भिंगरी आणखी जवळ सरकली. "मला भीती वाटतेय गं."

"तुला?"

"क्लासमध्ये दहा-बारा पोरं असायची, तीही आईबापांनी दटावून पाठवलेली. अख्खा वर्ग मी कधी घेतलेलाच नाही. इतकी वर्षं भांडले त्या वर्गासाठी, आणि आता पाय उचलत नाही. आत गेले आणि कोणी ऐकलंच नाही तर?"

भिंगरीला हसू आलं, पण ते तिने गिळलं. पहिल्या दिवशी ती स्वतः वर्गाच्या दारातून दोनदा परत फिरली होती.

"ओरडायचं नाही," ती म्हणाली. "ओरडलीस की संपलीस. आत जायचं, टेबलापाशी नाही, मधोमध उभं राहायचं. सगळ्यांकडे बघायचं. गप्प. मग एकच शब्द."

"कुठला?"

"चल, करूनच बघ." तिने वहिनीचा हात धरला आणि पायऱ्यांच्या खाली, समोर मोकळ्या जागेत नेऊन उभं केलं. "हा वर्ग. घे."

"वेडी आहेस का? लोक आहेत!"

"पोरंही लोकच असतात. घे!"

पायऱ्यांवर शे-दीडशे शिक्षक उभे होते, हसत, फोनवर ओरडत, एकमेकांच्या पाठीवर थापा मारत. भूमितीचे सर वकीलसाहेबांशी तावातावाने वाद घालत होते. वहिनी मधोमध उभी राहिली. तिने एकेका चेहऱ्याकडे पाहिलं. वरच्या पायरीवर मोठ्या बाईंच्या लक्षात आलं, आणि त्या बोलायच्या थांबल्या. मग त्यांच्या शेजारचे थांबले. मग दादा. गप्पा पायरी पायरीने विझत खाली आल्या, आणि सगळे तिच्याकडे बघायला लागले.

वहिनीने भिंगरीकडे पाहिलं. भिंगरीने मान डोलावली.

"बसा," वहिनी म्हणाली.

आवाज मोठा नव्हता. पण मोठ्या बाई, दुखरे गुडघे सांभाळत, कठड्याला धरून पहिल्या खाली बसल्या. त्यांच्यामागोमाग सगळा जिना बसला. भूमितीचे सरही बसले, आणि काळा झगा आवरत वकीलसाहेबसुद्धा.